शैले, मला स्वयंपाकीण व्हायला बोलावलंय

पुणे, रविवार रात्र

प्रिय शैले,

तुझे मेसेज मिळाले, आणि त्यानंतरचा तो नुसताच रागावलेला पिवळा चेहराही मिळाला. तब्येत ठीक. गुडघा आहे तसाच. शुगर डॉक्टरांच्या मते काठावर, माझ्या मते काठाच्या बरीच अलीकडे. झालं, पुढे.

मला मालिकेत घेतलंय. म्हणजे घ्यायचं म्हणतायत. रोजची, संध्याकाळची, घोडबंदर रोडला शूटिंग. भूमिका काय, तर मोठ्या घरातली स्वयंपाकीण. कांताबाई की शांताबाई ते चॅनेलने अजून ठरवलेलं नाही. तिला घरातलं सगळं ठाऊक असतं आणि ती बरोबर नको त्या वेळी दाराआड उभी असते. ऑडिशन घेणारा पोरगा आपल्या शिरीषच्या धाकट्याएवढा. म्हणाला, "मॅम, थिएटरवालं नको, थोडं कमी करा." केलं. "अजून कमी." शेवटी वैतागून मी काहीच न करता उभी राहिले, तर म्हणाला, "परफेक्ट!" पस्तीस वर्षं रंगमंचावर घालवली ती कशासाठी, सांग.

घरी सांगितलं. ह्यांनी पैसे विचारले, सासूबाईंनी वेळ विचारली, कारण त्याच वेळेला त्यांची दुसरी एक मालिका असते. नाटकवाल्या बंड्याला सांगायची छाती नाही. म्हणून तुला लिहितेय. आणि तसंही हे तुझंच पाप आहे. लॉकडाऊनमध्ये त्या कोरियन मालिका माझ्या गळ्यात कोणी मारल्या? तू हीरोंचे ओव्हरकोट बघत बसायचीस. मला मात्र मागे उभी असलेली बाई दिसली. ली जंग-उन. हो, तीच, "पॅरासाइट"मधली. भर पावसात बेल वाजवून कॅमेऱ्यात बघून हसते ती घर सांभाळणारी, स्वयंपाकही करणारी बाई. बघ, तिचीही स्वयंपाकीणच!

ही बाई आपल्याच वयाची, 1970 सालची. हान्यांग विद्यापीठात नाटक शिकली आणि 1991 मध्ये शेक्सपिअरच्या "मिडसमर नाइट्स ड्रीम"मधून रंगमंचावर आली. त्या सुमाराला आपण फिरोदिया करंडकाच्या तालमीत भांडत होतो. तू नायिका, मी आजी. विशीत! "तुझा चेहराच आजीचा आहे गं" हे तू म्हणाली होतीस. मी नाही म्हणालेय असं तू आजही म्हणशील, पण शिरीष साक्षीला आहे. तर ह्या बाईचाही चेहरा आजीचाच निघाला. चाळिशी गाठता गाठता तिने "प्पाल्ले" नावाच्या संगीत नाटकात म्हातारी घरमालकीण केली. प्पाल्ले म्हणजे धुणं. 2005 पासून ते नाटक सोलच्या देहांग्नोमध्ये, म्हणजे तिथल्या छोट्या छोट्या नाट्यगृहांच्या वस्तीत, पुन्हा पुन्हा लागतंय. टेकडीवरची गरीब वस्ती, पुस्तकाच्या दुकानात राबणारी बाहेरगावची मुलगी, मंगोलियाहून आलेला कामगार, आणि भाड्यासाठी खेकसणारी ही म्हातारी. म्हातारीने आतल्या खोलीत आपली अपंग, वयाने वाढलेली मुलगी जगापासून लपवून ठेवलीय, आणि तिची दुपटी ती रोज धुते. मी तुकडे तुकडे पाहिलेत त्याचे, भाषा कळत नाही तरी. भांडकुदळ म्हातारी करणं सोपं. त्या भांडणाच्या खाली धुण्याची बादली सतत ऐकू येत राहणं, ते फार अवघड. आणि वर गायचं!

थांब, इथे एक गंमत आहे, ती तुझ्याशिवाय कुणाला सांगू? ग्रिप्स आठवतं ना? 1986 मध्ये मोहन आगाशे बर्लिनचं ते मुलांसाठीचं ग्रिप्स थिएटर पुण्यात घेऊन आले, "छान छोटे वाईट मोठे"ची गाणी म्हणत आपण टिळक रोडवरून सायकलने यायचो. तर त्याच बर्लिनच्या ग्रिप्सचं एक मोठ्यांचं संगीत नाटक किम मिन-गीने सोलला नेलं. किम मिन-गी म्हणजे लष्करी राजवटीत ज्याच्या गाण्यांवर बंदी होती तो. त्याचं थिएटर हाकचन. नाटक "लाइन वन", म्हणजे मेट्रोची एक नंबरची लाइन. 1994 ते 2008 मध्ये 4000 प्रयोग! 11 नट मिळून 80 च्या आसपास माणसं उभी करायचे. भिकारी, पोलीस, फेरीवाला, बाजारबसवी, जो टोप हाताला लागेल तो. ह्वांग जंग-मिन, सल क्यंग-गू, जो संग-वू हे तिथले सगळे नावाजलेले नट ह्याच गाडीतून उतरलेले. मुलांसाठीही त्याने ग्रिप्सची नाटकं केली. जर्मन नाटकातल्या केचपवाल्या स्पॅगेटीचं तिथे तिखटजाळ ट्टोकबोक्की झालं. 2024 च्या मार्चमध्ये हाकचन बंद पडलं आणि त्याच जुलैत किम मिन-गी गेला. मी ती बातमी वाचून एकटीच स्वयंपाकघरात ग्रिप्सची गाणी म्हणत बसले. ह्यांना वाटलं, गॅस लागला डोक्याला.

तर सांगायचं काय होतं? हां. तिथली ही छोट्या नाट्यगृहांतली संगीत नाटकं माणसाला काय शिकवतात, तर कपडे बदलण्याच्या अर्ध्या मिनिटात माणूस बदलायला. मालिकावाल्यांना नेमकं हेच हवं असतं. दोन मिनिटांच्या प्रवेशात शेजारीण अख्खी दिसली पाहिजे. तरी ली जंग-उनला कॅमेऱ्याने पटकन जवळ केलं नाही. कितीतरी वर्षं नाव नसलेल्या भूमिका. 2013 च्या "द अॅटर्नी"त फ्लॅटची मालकीण, 2017 च्या "टॅक्सी ड्रायव्हर"मध्ये पाहुण्यांना जेवू घालणारी बायको. त्याच वर्षीच्या "ओक्जा"त तर गंमतच. त्या अवाढव्य डुकरिणीचा आवाज तिचा! हे कळल्यावर मी डबिंगमध्ये केलेल्या सगळ्या म्हशी, शेळ्या आणि तो एक आजारी हत्ती, सगळ्यांना मनातल्या मनात मानाचा मुजरा केला.

2015 च्या एका भुताच्या मालिकेत ती मांत्रिकीण झाली आणि लोक विचारायला लागले, ही कोण? तेव्हा पंचेचाळीस. मग 2018 ला "मिस्टर सनशाइन"मधली नायिकेला सांभाळणारी ती दाई. आणि मग 2019. शैले, ते वर्ष नीट बघ. वर्षाच्या सुरुवातीला "द लाइट इन युअर आइज"मध्ये सलून चालवणारी आई. मुलगी अचानक म्हातारी झालीय, आणि ती म्हातारी म्हणजे किम हे-जा, 1941 चा जन्म. म्हणजे एकोणपन्नाशीची आई आणि सत्त्याहत्तरीची लेक. एका क्षणालाही हसू येत नाही. त्यासाठी तिला बेकसांगचा, म्हणजे तिथल्या मोठ्या पुरस्कारांतला, सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. मे महिन्यात "पॅरासाइट"ला कान महोत्सवात पाम द'ओर, तिथलं सर्वोच्च बक्षीस. मग एका भयपट-मालिकेत भाड्याच्या खोल्या देणारी, गोड बोलून अंगावर काटा आणणारी मालकीण. आणि दसरा-दिवाळीच्या सुमाराला "व्हेन द कॅमेलिया ब्लूम्स"मध्ये लेकीला लहानपणी टाकून गेलेली आणि विसरभोळी होऊन परत आलेली आई. लेक झालेली गाँग ह्यो-जिन तिच्याहून जेमतेम दहा वर्षांनी लहान. एका वर्षात चार बायका, आणि एकीचं दुसरीशी नातं नाही!

आता माझं घोडं अडलंय ते इथेच. तू म्हणणार, "मग हो म्हण की, तुझी कोरियन मैत्रीणही पंचेचाळिशीतच मालिकांत गाजली." अगं, पण तिथली मालिका संपते! सोळा भाग, वीस भाग, आठवड्याला दोन, आणि बाई मोकळी, पुढच्या बाईकडे जायला. आपल्याकडे कांताबाई एकदा उभी राहिली की दोन-तीन वर्षं उभीच. महिन्याला वीस-बावीस दिवस, बारा-बारा तास. नायिकेला दोनदा स्मृतिभ्रंश होईल, नायक मरून परत येईल, कांताबाई दाराआड पोळ्याच लाटत असेल. तिचं शिकलेलं कामाला आलं कारण तिला सारखं नवं माणूस मिळत गेलं. मला मिळणार ती एकच साडी, आणि "कमी करा". कमी करायला माझी ना नाही. "अवर ब्लूज" बघ ना, 2022 ची. जेजू बेटावर बाजारात मासे कापणारी, भावंडांना पोसून पोसून बिनलग्नाची राहिलेली उन-ही. शाळेतला आवडता मुलगा कितीतरी वर्षांनी भेटतो आणि त्याला फक्त पैसे हवे असतात हे तिला कळतं, तेव्हा ती किती कमी करते! पण त्या कमीच्या मागे लिहिणारीने ओतलेलं ढीगभर आहे. नो ही-क्यंगने पहिली गोष्टच ह्या मासेवालीला दिलीय. माझ्या कांताबाईच्या मागे काय आहे, असं मी विचारलं. पोरगा म्हणाला, "मॅम, ती लॉयल आहे."

दुसऱ्या बाजूला पैसे आहेत. वर्षानुवर्षं आपण प्रयोगाच्या पाकिटात रिक्षाचे पैसे मोजले. ली जंग-उनही मिळेल ती कामं करून नाटक करत राहिली, ह्याचं मला कौतुक वाटतं, पण लांबून. जवळून बघितलं की ते फक्त थकवा असतो, हे तुला सांगायला नको. तू त्यासाठीच नागपूरला बँकेत गेलीस आणि मी तुला पळपुटी म्हणाले. ते मी मागे घेत नाही हं. तू चांगली गायचीस. पण बाथरूमचं छत गळतंय आणि गुडघ्याचं कधीतरी करावंच लागणार, तेव्हा बँकेवाल्यांचा हेवा वाटतो.

आणि बंड्याचं नाटक. त्यात मी पुन्हा आजी आहे (आता निदान मेकअप लागत नाही), चार गाणी आहेत, पैकी एक भैरवीत. महिन्यात दोन प्रयोग, त्यातला एक नाशिकला, प्रेक्षक साठ-सत्तर. मालिकेवाले म्हणतात "अॅडजस्ट करू". हे "अॅडजस्ट करू" म्हणजे काय ते आपल्या सुलूने भोगलंय. प्रयोगाच्या दिवशी संध्याकाळी सहाला ती ठाण्यात, साडी स्वयंपाकिणीची, आणि पडदा साडेनऊला कोथरूडला.

मी एक मधला मार्ग काढलाय मनात. हसू नकोस. त्यांना लिहून मागायचं : सहा महिन्यांचा करार, महिन्यात ठरलेल्या दोन तारखा मोकळ्या, आणि कांताबाईला निदान एक भाऊ. दारुडा चालेल. कुणीतरी हवं तिला घराबाहेर. ह्यांचं म्हणणं, असं मागितलं की दुसऱ्या दिवशी दुसरी बाई घेतील, पुण्यात आजीच्या चेहऱ्यांना तोटा नाही. खरंय. पण मग घेऊ देत ना. नाही, घेऊ देत असं लिहिताना पोटात गोळा आला, तो इमानदारीत कळवते.

सायलीचं ठरलं ते ऐकून फार आनंद झाला. मुलगा तुला नीट वाटतोय ना? फोटोत कान मोठे दिसतात, पण ते चांगलं, बायकोचं ऐकेल. तारीख कळव, मी दोन दिवस आधी येईन, मालिका असो वा नसो. तुझ्या ट्रान्सफरचं काय झालं? वहिनींशी बोलणं सुरू केलंस का? करून टाक.

मला गुरुवारपर्यंत कळवायचंय त्यांना. तू बुधवारी फोन कर, रात्री दहानंतर, आणि "तुझ्या मनाला येईल ते कर" हे वाक्य सोडून काहीही बोल. त्याआधी वेळ मिळाला तर "मिस नाइट अँड डे"चे पहिले दोन भाग बघून ठेव. विशीतली बेरोजगार मुलगी दिवसा पन्नाशीची होते, आणि ती दिवसाची बाई म्हणजे आपली ली जंग-उन. 2024 ची आहे, सोळा भाग. ह्यावेळी पोस्टरवर मधोमध उभी आहे, दाराआड नाही.

तुझी,
माई

ता. क. बंड्याचा फोन आला तर तुला काही माहीत नाही. आणि तो पत्ता विचारेल, तर सायलीच्या लग्नाच्या पत्रिकेसाठी विचारतोय, बाकी कशासाठी नाही. लगेच बडबडू नकोस.