तांबड्या प्रकाशात पुसलेल्या सुरकुत्या

आदरणीय सर,

सादर नमस्कार. समोर बसून आभार मानले की तुम्ही लगेच विषय बदलता, म्हणून हे पत्र सगळ्यांच्या देखत लिहिते आहे.

आमच्या एकांकिकेतली नायिका रंगमंचावरच, प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत म्हातारी व्हायला हवी होती. हाताशी दोन-चार स्पॉट, प्रकाश कमी-जास्त करणारा एक जुना डिमर आणि पैसे जवळजवळ नाहीतच. तुम्ही आम्हाला थेट १९५७ सालच्या ‘इ व्हाम्पिरी’ या इटालियन भयपटाकडे नेलंत. दिग्दर्शक रिकार्दो फ्रेडा तो अर्धवट सोडून गेला आणि छायालेखक मारिओ बाव्हानं उरलेलं काम दोन दिवसांत उरकलं, हे तिथेच कळलं. त्यातली सुंदर सरदारीण एकही कट न घेता जख्ख म्हातारी होते. ती युक्ती दाखवायला तुम्ही तळहातावर लाल पेन्सिलीनं रेघा ओढल्या, टॉर्चवर लाल जिलेटिन, म्हणजे रंगीत पारदर्शक कागद, धरलं, रेघा गायब. निळं धरलं, तर काळ्याकुट्ट उमटल्या! चित्रपट कृष्णधवल, त्यामुळे प्रकाशाचा रंग बदलल्याचं कुणाला दिसतच नाही.

पण नाटकात तो दिसणार. यावर तुम्हीच वाट काढलीत: प्रसंग संध्याकाळचा करा, तांबड्या उन्हातून निळ्या रात्रीत जा, सुरकुत्या आपोआप वर येतील. आल्या, सर. पहिल्याच तालमीत विंगेतली मुलं अवाक झाली.

दुसरे आभार मला जास्त मनापासून मानायचे आहेत. त्याच बाव्हानं दिग्दर्शित केलेला १९६३ चा ‘ला फ्रुस्ता ए इल कोर्पो’, म्हणजे ‘चाबूक आणि देह’, तुम्ही आमच्याबरोबर बसून पाहिलात. समुद्राकाठचा किल्ला, ज्याचा तिरस्कार करते त्याचीच ओढ असलेली नेवेंका, आणि मेल्यावरही तिच्या खोलीत येणारा कुर्ट. त्या काळी इटलीत या चित्रपटावर अश्लीलतेचा ठपका आला होता. तुम्ही एकही प्रसंग पुढे ढकलला नाहीत, की मुली बसल्यात म्हणून अवघडला नाहीत. उलट विचारलंत, ‘खोलीत निळा प्रकाश कुठून येतोय? आणि तो हिरवा कधी होतो?’ त्या प्रश्नानं आम्हाला दिसलं की खिडकीबाहेर असा प्रकाश असूच शकत नाही. तो नेवेंकाच्या मनातला आहे. शेवटी ती कुर्टला मिठी मारते आणि पाहणाऱ्याला ती एकटीच दिसते, तेव्हा मला भीती कमी आणि तिच्याविषयी माया जास्त वाटली. बाईची वासना इतक्या गांभीर्यानं दाखवणाऱ्या बाव्हाला दिग्दर्शक म्हणून नाव मात्र ‘जॉन एम. ओल्ड’ असं परकं लावावं लागलं, याचं मला अजून वाईट वाटतं.

आमच्या नायिकेचं शेवटचं स्वगत मी त्यानंतर पुन्हा लिहिलं. आधी ती पश्चात्ताप करायची, आता करत नाही.

पुढच्या प्रयोगाला काकूंना घेऊन नक्की या. तांबड्यातून निळ्यात जाताना मध्ये क्षणभर जांभळी छटा येते, ती मला खटकते आहे. डिमर हळू ओढावा की लाल आधीच पूर्ण उतरवावा, हे तुम्ही बघूनच सांगा.

तुमची,
प्रकाशयोजनेवाली विद्यार्थिनी