मत मोजलं, मुद्दा राहिला

प्रिय सुध्या,

इतके दिवस गप्प होतो म्हणून चिडू नकोस. विकिपीडियावरची आपली ती मतमागणीची चर्चा उघडी असताना तुला लिहिलं असतं, तर मास्तरांनी लगेच 'खाजगीत माणसं गोळा करतोय' अशी बोंब ठोकली असती, आणि नियमाने ते बरोबरही ठरलं असतं. काल ती बंद झाली. पाठ ठीक आहे, गोळ्या चालू.

तर आपला तो जुना निर्णय उलटला. सहमती बदलू शकते, त्याबद्दल रडगाणं नाही. पण चर्चा बंद करून निकाल लिहिणाऱ्याचा सारांश बघ: 'बहुसंख्य बदलाच्या बाजूने.' संपलं! इंग्रजी विकिपीडियावर अशा मतमागणीची खूणपाटी 30 दिवसांनी बॉट, म्हणजे आपोआप चालणारा प्रोग्राम, काढतो, पण म्हणून डोकी मोजून हात झटकायचे नसतात. धोरणाला धरून असलेल्या मुद्द्याला वजन द्यायचं, धोरणाच्या उलट जाणारा मुद्दा बाजूला ठेवायचा आणि हे का केलं ते लिहायचं. 'वरच्याशी सहमत' लिहून पळणाऱ्यांचं ओझं कशाला वाहायचं?

खरी गोम प्रश्नातच होती. प्रश्न दोन पर्यायांचा: आहे तसं ठेवा, किंवा पूर्ण बदला. चर्चा अर्ध्यावर आल्यावर एकाने तिसरा पर्याय घुसवला, थोडंसं बदला. आधी मत देऊन गेलेले कोण परत येतंय? तिसऱ्याला मतं मिळाली ती उशिरा आलेल्यांचीच. मग बंद करताना दुसरा आणि तिसरा यांची बेरीज झाली आणि 'बदल हवा' ठरलं. तिसऱ्यावाल्यांतल्या बऱ्याच जणांनी स्पष्ट लिहिलं होतं की पूर्ण बदलापेक्षा आहे ते बरं! म्हणजे कुठल्याच बदलावर सहमती नव्हती, आणि सहमती नसेल तर साधारणपणे आधीचं कायम राहतं.

आता तू डेबियनचं, त्या मुक्त सॉफ्टवेअर प्रकल्पाचं, उदाहरण काढणार, माहीत आहे. तिथे पर्याय पसंतीक्रमाने लावतात आणि प्रत्येक जोडीची तुलना होते, म्हणून ही बेरीज जमलीच नसती. यावेळी मान्य. पण क्रम लावला तरी विरोध कशासाठी होता ते कळत नाही, हे आपलं भांडण मी सोडलेलं नाही. अपाचे या मुक्त सॉफ्टवेअरच्या संस्थेत कोडमधल्या बदलाला कुणी उणे एक, म्हणजे नकार, दिला तर तांत्रिक कारण द्यावं लागतं, नाहीतर तो नकार पोकळ. इंटरनेटची मानकं ठरवणाऱ्या आयईटीएफचं 2014 चं आरएफसी 7282 हे टिपण तर म्हणतं की शंभर बाजूने आणि पाच विरोधात असले तरी ढोबळ सहमती झालेली नसू शकते: त्या पाचांच्या आक्षेपाला उत्तर मिळालं का, ते बघायचं. तुला त्यांच्या सभेत हात वर करण्याऐवजी गुणगुणून कल दाखवणारी माणसं हास्यास्पद वाटतात, वाटू देत.

पुढे काय? आधी बंद करणाऱ्याच्या चर्चापानावर विचारणार: दुसरा आणि तिसरा एकत्र का केला? नाही ऐकलं तर प्रचालकांच्या, म्हणजे विकिपीडियाची व्यवस्था बघणाऱ्यांच्या, सूचनाफलकावर फेरतपासणी. तिथे मूळ वाद पुन्हा काढायचा नाही, सारांश चर्चेशी जुळतो का एवढंच. 'निकाल चुकीचा' असं लिहिलं की अर्ज दोन ओळींत निकालात निघतो. आणि कृपा करून दुसऱ्याचा बदल रद्द करून पान उलटवायला जाऊ नकोस. 24 तासांत तीनपेक्षा जास्त उलटवण्या झाल्या की बंदी, हे तुला ठाऊक आहे, पण तीनच्या आतही संपादनयुद्ध धरतात, ते तू सोयीने विसरतोस.

नवी नोकरी जमली का? वहिनींना नमस्कार, पोरीला शाळा मानवली असेल. फोन करेन, करेनच.

तुझा,
बंड्या

ता.क. जुन्या चर्चेचा दुवा तुझ्याकडे असेल तर तपासून बघ. चर्चा संग्रहात हलली की विभागाचा दुवा तुटतो. इतिहासातून त्या आवृत्तीचा कायमचा दुवा काढ आणि तोच पाठव.