युद्धाच्या पुस्तकाला आधी जेवणाचं विचार

नौपाडा, ठाणे
रविवार, दुपार

चि. मुग्धास,
अनेक आशीर्वाद.

फोनवर तू घाईत होतीस आणि माझ्यापुढे कणकेची परात होती, म्हणून आपलं बोलणं अर्धवट राहिलं. तुझं म्हणणं मला कळलं. संरक्षणशास्त्राला प्रवेश घेतल्यापासून तुला प्रत्येक गोष्टीला पुरावा लागतो. कादंबरी म्हणजे रचलेली गोष्ट, आठवणी म्हणजे एकट्याचं गाऱ्हाणं, तेव्हा युद्ध समजून घ्यायचं तर इतिहासच वाचावा; बाकीचं आईच्या दुपारच्या वाचनाला ठीक. शेवटचं वाक्य तू बोलली नाहीस, पण मला ऐकू आलं.

राग नाही. पण इतकी वर्षं सकाळी पोळीभाजी केंद्र आणि दुपारी मराठी ग्रंथ संग्रहालयातून आणलेलं पुस्तक, असं चालल्यावर मलाही युद्धाची पुस्तकं वाचायची एक रीत सापडली आहे. इतिहास आहे, आठवणी आहेत की कादंबरी, हे मी आधी बघतच नाही. ह्यातली माणसं खातात काय, ते येतं कुठून आणि रांधतं कोण, एवढंच बघते. लेखकाला हे ठाऊक असेल तर बाकीचंही बरंच ठाऊक असतं, असा माझा अनुभव आहे. ठाऊक नसेल, तर नकाशावरचे बाण कितीही सुबक असोत, मी जरा हात राखूनच विश्वास ठेवते.

रेमार्कचंच घे. 'ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट', १९२९. पहिल्या महायुद्धावरची एवढी गाजलेली कादंबरी, पण ती सुरू होते जेवणाच्या रांगेपासून. आचाऱ्यानं दीडशे जणांचा स्वयंपाक करून ठेवलाय आणि आघाडीवरून परत आलेत ऐंशी. पोरं खूश, आज दुप्पट मिळणार! आचारी अडून बसलाय, की दीडशेचं जेवण ऐंशी जणांना वाढता येणार नाही, नियमात बसत नाही. दीडशे पानांची ऑर्डर देऊन ऐंशी माणसं आली की उरलेल्या पोळ्यांच्या चळतीकडे बघताना कसं होतं, ते मला विचार. आमच्याकडे न आलेली सत्तर माणसं फार तर पावसात अडकलेली असतात. रेमार्क रडारड करत नाही, वजाबाकी वाचणाऱ्यावर सोडतो. नाझींनी १९३३ साली हे पुस्तक चौकात जाळलं. नुसत्या रचलेल्या गोष्टीला कुणी इतकं घाबरत नाही, नाही का?

आता आपल्या घरचं पानिपत. १४ जानेवारी १७६१ ही तारीख तुला झोपेत विचारली तरी येईल. पण लढाई हरली ती त्या दिवशी दुपारी, असं मला वाटत नाही. आदल्या ऑक्टोबरात कुंजपुऱ्याचा किल्ला घेतला तेव्हा तिथलं धान्य हाती लागलं, तोवर ठीक होतं. मग अब्दाली बागपतला यमुना उतरून आला आणि आपला दिल्लीकडचा रस्ता तुटला. दोन्ही फौजा अडीच महिने समोरासमोर बसून. डिसेंबरात गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसदीची उरलीसुरली वाटही गेली. छावणीत लढणाऱ्यांहून न लढणारी तोंडं जास्त: यात्रेकरू, बायका, बाजारबुणगे. शेवटी माणसं भाऊसाहेबांच्या डेऱ्याशी येऊन म्हणाली, दोन दिवस पोटात कण नाही, असं मरण्यापेक्षा लढून मरू.

हे शेवटचं आपल्याला कळतं ते काशीराजामुळे. माणूस दख्खनी ब्राह्मण, पण चाकरी शुजाउद्दौलाची, म्हणजे अब्दालीच्या गोटात. त्यानं सगळं डोळ्यांनी पाहिलं आणि पुढे जवळजवळ वीस वर्षांनी फारसीत लिहून काढलं. त्या पहाटे मराठे बाहेर पडले तेव्हा पागोट्यांचे शेव मोकळे सोडलेले होते आणि तोंडाला, हाताला हळद फासलेली होती, हे त्यानंच नोंदवलंय. मरायला निघालोय ही खूण. आता सांग, ह्याला काय म्हणशील? आठवणी आहेत, म्हणजे तुझ्या हिशेबी कच्चा पुरावा. पण हळद त्याच्याशिवाय दुसरं कोण सांगणार होतं?

इतिहासकार शेजवलकरांचं 'पानिपत : १७६१' तू वाचशीलच, ते वाचल्याशिवाय ह्या विषयावर बोलूच नये. विश्वास पाटलांची 'पानिपत' १९८८ची. ती मी दोनदा वाचली, आणि उपासमारीची पानं दोन्ही वेळा सावकाश वाचली. शेजवलकर सांगतात रस्ता कसा तुटला. काशीराज सांगतो चेहरे कसे दिसत होते. कादंबरी सांगते की छावणीतल्या एखाद्या बाईनं सकाळी चूल पेटवली तेव्हा तिच्याकडे वर ठेवायला काय होतं. हे तिसरं कुठल्याच दप्तरात सापडायचं नाही, कारण त्या बाईला कुणी कारकून दिला नव्हता.

आता तक्रारही करते, नाहीतर म्हणशील आई कादंबऱ्यांची वकिली करते. आपल्या बऱ्याच ऐतिहासिक कादंबऱ्यांत लोक जेवतच नाहीत, भाषणं करतात. आणि शत्रूच्या छावणीत तर चूल कधी पेटतच नाही. आपल्या बाजूला आया, बायका, निरोपाचं कुंकू. त्यांच्या बाजूला नुसती कारस्थानं आणि गडगडाटी हसणं. असं पुस्तक मी पन्नास पानांवर मिटते.

गोडसे भटजींच्या 'माझा प्रवास'कडे येते. हे पुस्तक तुझ्या अभ्यासाच्या यादीत नाही ह्याचं मला खरंच आश्चर्य वाटलं. विष्णुभट गोडसे पेणजवळच्या वरसईचे, म्हणजे इथून दोन-अडीच तासांच्या रस्त्यावरचे. घरात कर्ज. बायजाबाई शिंदे मथुरेस मोठा यज्ञ करणार, दक्षिणा बरी मिळेल, म्हणून काकांबरोबर निघाले, आणि नेमके १८५७ सालात जाऊन पोचले. झाशीला इंग्रज सेनापती ह्यू रोजचा वेढा पडला तेव्हा हे आत. शहर पडल्यावरची लूट त्यांनी जशी लिहिलीय तशी मी दुसरीकडे वाचलेली नाही. आधी सोनं-चांदी गेलं, मग तांब्या-पितळेची भांडी, मग कपडे, आणि शेवटी घराघरांतलं धान्यसुद्धा. लूट एकदम होत नाही गं, पायरीपायरीनं घर रिकामं होतं. एखादा सेनापती हे 'शहर ताब्यात आले' एवढ्यात संपवतो.

आणि तो विहिरीचा प्रसंग. झाशीतून निसटलेली राणी वाटेत भेटते, पठाणी वेश, धुळीनं माखलेली, तहानलेली. भटजी पाणी काढायला पुढे होतात तर म्हणते, तुम्ही विद्वान ब्राह्मण, माझ्यासाठी काढू नका, मीच काढते. मडक्यानं पाणी शेंदते आणि ओंजळीनं पिते. मग म्हणते, मी अर्धा शेर तांदळाची धनीण, मला विधवेला हा खटाटोप करायची काही गरज नव्हती. पुतळ्यांतली घोड्यावरची राणी आपण सगळ्यांनी बघितलीय. स्वतःचं मोजमाप अर्ध्या शेर तांदळात करणारी राणी एका कर्जबाजारी भिक्षुकानं आपल्याला दिली.

तू म्हणशील, हे त्यांनी लगेच कुठे लिहिलं? बरोबर, पाव शतकानंतर लिहिलं, चिंतामणराव वैद्यांनी आग्रह केला म्हणून. छापलं १९०७ साली, तेही वैद्यांचा हात फिरवून. मूळ हस्तलिखिताबरहुकूम मजकूर दत्तो वामन पोतदारांनी १९६६ मध्ये काढला. तेव्हा तारखा त्यांच्याकडून घेऊ नकोस. तारखांना इंग्रजांची दप्तरं आहेतच. विहीर मात्र त्यांच्याकडून घे.

आपल्या ठाण्याच्या सेंट्रल जेलचंच बघ. तो मुळात किल्ला, हे तुला शाळेपासून माहीत आहे. १७३७ला मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून घेतला, १७७४च्या डिसेंबरात इंग्रजांनी आपल्याकडून. दुसऱ्या बाजीरावाचे कारभारी त्र्यंबकजी डेंगळे इंग्रजांच्या कैदेतून तिथूनच १८१६ साली पळाले. पहाऱ्यावर गोरे शिपाई, त्यांना मराठीचा गंध नाही. बाहेर घोड्यांकडे बघणारा एक मोतद्दार गाणं म्हणता म्हणता आत निरोप पोचवत होता, असं सांगतात. हेबर नावाच्या बिशपनं पुढे आपल्या प्रवासवर्णनात हे लिहून ठेवलं. ऐकीव गोष्ट आहे, कोर्टात टिकणार नाही. पण नोकराकडे कुणाचं लक्ष नसतं आणि म्हणूनच त्याला सगळं कळतं, हे त्यात आहे. आचारी, मोतद्दार, धोबिणी, पाणक्ये: युद्धाच्या पुस्तकात मी ह्यांनाच शोधत असते.

धोबिणींवरून आठवलं. स्वेतलाना अलेक्सिएविच, २०१५चं नोबेल. दुसऱ्या महायुद्धात लढलेल्या सोव्हिएत बायकांशी ती वर्षानुवर्षं बोलत राहिली आणि १९८५ साली 'द अनवुमनली फेस ऑफ वॉर' हे पुस्तक आलं. तेव्हा सेन्सॉरनं त्यातलं बरंच कापलं होतं. त्यात बंदूकवाल्या, विमानवाल्या आहेतच, पण पाव भाजणाऱ्या आणि कपडे धुणाऱ्याही आहेत. रक्तानं कडक झालेले गणवेश आणि जहाल साबण, हाताची नखं गळून जायची. मला सगळ्यात लागला तो वेगळाच प्रसंग. एका बाईच्या नवऱ्यानं आदल्या रात्री तिला बसवून युद्धाचा अधिकृत इतिहास पाठ करून घेतला, उद्या बाई आठवणी विचारायला येणार आहेत, काहीतरी भलतं बोलशील म्हणून! म्हणजे ती स्वतः लढून आलेली, आणि धडा घेतेय पुस्तकातून. मुग्धा, पुरावा पुरावा करताना तो नवरा लक्षात असू दे.

प्रिमो लेव्हीच्या 'इफ धिस इज अ मॅन'बद्दल फार लिहीत नाही, ते पुस्तक मी एकदाच वाचलंय आणि परत धीर होत नाही. ऑशवित्झच्या नाझी छळछावणीत सुपाच्या रांगेत कुठे उभं राहिलं की डाव पातेल्याच्या तळातून येईल आणि चार बटाट्याचे तुकडे मिळतील, ह्याचा हिशेब कैदी करायचे, एवढं सांगते. १९४७ सालचं पुस्तक. तू वाच, पण परीक्षेच्या दिवसांत नको.

बासष्टच्या चीन युद्धासाठी ब्रिगेडियर दळवींचं 'हिमालयन ब्लंडर' तुमच्या यादीत आहे, हे चांगलं झालं. नामका चू नदीवरच्या ब्रिगेडचा अधिकारी स्वतः लिहितोय, चिन्यांच्या कैदेतून परतलेला. सुती गणवेशातली माणसं, थोडकी काडतुसं, विमानातून टाकलेली रसद दऱ्यांत गेलेली. ते जोडून मेजर जनरल शशिकांत पित्र्यांचं 'न सांगण्याजोगी गोष्ट' घे. दळवी जळत्या मनानं लिहितात, आणि का लिहू नये? पित्रे थोडं लांब उभे राहून सगळा पट मांडतात. एक वाचलं की दुसऱ्याची गरज कळते.

आणि दोन पुस्तकं अशी, ज्यांत सैनिक जवळजवळ नाहीतच. विश्राम बेडेकरांची 'रणांगण', १९३९. युरोपातून मुंबईकडे येणारी बोट, तिच्यावर जर्मनीतून परागंदा झालेले ज्यू आणि एक मराठी तरुण. महायुद्ध अजून पेटायचंय. अख्ख्या कादंबरीत लढाई नाही, आणि नाव मात्र चपखल. मराठीत युद्धावर ह्याहून चांगलं काही लिहिलं गेलंय असं मला वाटत नाही. तुझे बाबा भांडतील, भांडू देत. दुसरी बिभूतिभूषण बंद्योपाध्यायांची 'अशनी संकेत'. बंगालचं एक खेडं, १९४३. युद्ध कुठे चाललंय हे गावाला धड माहीतही नाही. जपान्यांनी ब्रह्मदेश घेतला म्हणून तिकडचा तांदूळ बंद, शत्रूच्या हाती लागू नयेत म्हणून सरकारनं नावा काढून घेतल्या, भाव चढत गेले आणि साठेबाजांनी दारं लावली. त्या दुष्काळात तीसेक लाख माणसं गेली असं मानतात. एकही गोळी न लागता. ह्या लोकांना तुमच्या अभ्यासात युद्धात मेलेले धरतात की नाही?

आता कामाचं. 'न सांगण्याजोगी गोष्ट' मी माझ्या नावावर आणून ठेवलंय, येत्या शनिवारी येशील तेव्हा घेऊन जा आणि वेळेत परत कर, दंड मी भरणार नाही. 'माझा प्रवास' घरचं आहे, ते कितीही दिवस ठेव. 'रणांगण' देणार नाही, ती इथे बसून वाच. आणि तुमच्या त्या जाडजूड क्रमिक पुस्तकात रसद हा धडा कितवा आहे आणि किती पानांचा, तेवढं पाहून कळव. मला उत्सुकता आहे.

तुझी
आई

ता. क. चकलीचा आणि चिवड्याचा, असे दोन्ही डबे घेऊन ये. झाकणांसकट.