नाव बदललेलं नाही, बाबा

इन्व्हर्नेस,
६ डिसेंबर

तीर्थरूप बाबा व सौ. आई यांस,
हेमंतचा शिरसाष्टांग नमस्कार.

पत्र पाहून घाबरू नका. तब्येत उत्तम आहे. जेवण दोन्ही वेळेला होतं, थंडीचे कपडे भरपूर आहेत आणि आईने बांधून दिलेलं तिखट अजून दोन महिने सहज जाईल. फोन रोज होतो, पण फोनवर बाबा 'बरं आहे ना' एवढं विचारतात आणि फोन आईच्या हातात देतात. मला जे सांगायचं आहे ते तेवढ्यात बसत नाही, म्हणून लिहायला बसलो. दुपारचे साडेतीन वाजलेत आणि बाहेर दिवे लागलेत. डिसेंबरात इथे असंच असतं. आई, त्याची काळजी करू नकोस, सवय झाली आहे.

गेल्या रविवारी व्हिडिओ कॉल चालू असताना मागून कुणीतरी "हेमिश, हेमिश" अशी हाक मारली आणि मी "आलो" म्हणत उठलो, ते तुम्ही ऐकलंत. त्यानंतर बाबा बोललेच नाहीत. दुसऱ्या दिवशी छोटीचा मेसेज आला: 'बाबा विचारतायत, दादाने नाव बदललं का? आणि नाव बदललं असेल तर आणखी काय काय बदललं?'

बाबा, नाव बदललेलं नाही. पासपोर्टवर, पगाराच्या कागदावर, छातीवरच्या बिल्ल्यावर हेमंतच आहे. आजोबांनी मार्गशीर्षात जन्मलो म्हणून ठेवलेलं नाव मी कशाला टाकीन? आणि ज्याची तुम्हाला खरी शंका आहे, ती माळही आहे. कामाच्या वेळी इथे कुणालाच गळ्यात काही घालू देत नाहीत, त्यामुळे तेवढे तास ती डबीत असते. सुटल्यावर आधी तीच गळ्यात घालतो, मग बाकीचं. हे मी आधी सांगायला हवं होतं. सांगितलं नाही, ते चुकलं.

आता हेमिशचं सांगतो. नीट सांगतो, कारण मलाही कळायला चार महिने लागले.

इथल्या, म्हणजे स्कॉटलंडच्या, डोंगराळ भागाची आणि बेटांची जुनी भाषा गेलिक. स्टेशनवर उतरलं की पाटीवर इन्व्हर्नेसखाली तिचं गेलिक नावही असतं, त्याचा अर्थ नेस नदीचं मुख. या भाषेत जेम्सला म्हणतात शेमस. हे झालं नाव. पण शेमस नावाच्या माणसाला गेलिकमध्ये कधी "शेमस" अशी हाक मारत नाहीत. हाक मारताना नाव दोन्ही टोकांना बदलतं. पुढे एक छोटा 'अ' लागतो, सुरुवातीचा 'श' मऊ होऊन त्याचा 'ह' होतो, आणि शेवटच्या 'स'चा 'श' होतो. शेमस दारात उभा असेल तर 'शेमस आला', पण त्याला बोलवायचं असेल तर "अ हेमिश!" गेलिक न येणाऱ्या इंग्रजी बोलणाऱ्यांनी कानावर पडली ती हाकच नाव समजून लिहून घेतली. म्हणजे हेमिश हे मुळात नाव नव्हेच, ते संबोधन आहे. बाबा, तुम्ही आम्हाला विभक्त्या घोकून घ्यायचात, प्रथमा ते संबोधन. त्यातली शेवटची, 'मुलांनो'वाली. आपल्याकडे फक्त शेपूट बदलतं, विठ्ठलचं विठ्ठला, पांडुरंगचं पांडुरंगा. यांचं डोकंही बदलतं, म्हणून ओळखू येत नाही.

हे सगळं मला कामावरच्या एका बाईंनी शिकवलं. आई, त्यांचं नाव तुला आवडेल. लिहितात वेगळंच, पण उच्चार अगदी 'वारी'. पहिल्या दिवशी मी दोनदा विचारून घेतलं. तेही असंच झालेलं नाव आहे: मूळ नाव मारी, म्हणजे मेरी, आणि मारीला हाक मारायची तर "अ वारी". बायकांच्या नावात फक्त सुरुवात बदलते. रोज सकाळी सातला कामावर गेलं की मी कुणाला तरी वारी म्हणून हाक मारतो. मी त्यांना पालखीचे फोटो दाखवले, लोणंदच्या मुक्कामातले. त्या बराच वेळ बघत होत्या.

नावाच्या अर्थाबद्दलही तुम्ही विचाराल म्हणून लिहितो. जेम्स आणि याकोब एकच. हिब्रूतलं याकोब ग्रीकमध्ये गेलं, मग लॅटिनमध्ये याकोबुस झालं, पुढे त्यातल्या 'ब'चा 'म' झाला आणि तिथून जेम्स. बायबलातली गोष्ट अशी की एसाव आणि याकोब जुळे, एसाव आधी जन्मला आणि याकोब त्याची टाच धरून बाहेर आला. म्हणून परंपरेने अर्थ सांगतात 'टाच धरणारा'. नाव तिथलं आहे हे मी लपवत नाही. पण इथे ते देवळापेक्षा राजवाड्यात जास्त वाढलं. १४०६ पासून १५४२ पर्यंत स्कॉटलंडच्या गादीवर ओळीने पाच जेम्स बसले. पहिल्याचा पर्थमध्ये खून झाला, दुसरा स्वतःचीच तोफ फुटून मेला, तिसरा बंडात मारला गेला, चौथा फ्लॉडनच्या लढाईत पडला, पाचवा इंग्रजांकडून हरल्यावर अंथरुणाला खिळून तिशीतच गेला. तरी लोक मुलांची नावं तीच ठेवत राहिले. सहावा जेम्स १६०३ मध्ये इंग्लंडचाही राजा झाला. सातव्याला गादी सोडून पळावं लागलं, आणि त्याच्या घराण्याच्या बाजूने लढणाऱ्यांना याकोबुसवरूनच जॅकोबाइट म्हणू लागले.

त्यांची शेवटची लढाई आमच्या गावाजवळ झाली, कलोडनला, १६ एप्रिल १७४६. सुट्टीच्या दिवशी बसने जाऊन आलो. नुसतं माळरान आहे, हेदरची खुरटी झुडपं आणि कुळांची नावं कोरलेले दगड. एका तासाच्या आत सगळं संपलं होतं. पुढे सरकारने डोंगराळ भागातल्या लोकांच्या पोशाखावर बंदी आणली, ती १७८२ पर्यंत राहिली. भाषेवर तशी एकदम बंदी आली नाही, पण १८७२ मध्ये सक्तीच्या शिक्षणाचा कायदा झाला त्यात गेलिकला जागाच ठेवली नाही. घरात एक भाषा आणि शाळेत दुसरी. आता ५४ लाखांच्या देशात गेलिक थोडीफार तरी येणारे १ लाख ३० हजार आहेत, तेही २०२२ च्या जनगणनेत. मला हे वाचून वाईट वाटलं. भाषा मागे सरली आणि तिच्यातली एक हाक नाव होऊन सगळीकडे गेली. ऑस्ट्रेलियात, न्यूझीलंडमध्ये हेमिश आहेत, त्यांच्यापैकी कितीजणांना गेलिकचा एक शब्द येत असेल?

हाकेचं नाव होणं कसं चालायचं याची उदाहरणंही आहेत. हेमिश मॅकन नावाचे संगीतकार होऊन गेले, ग्रीनॉकचे, जन्म १८६८. पाळण्यातलं नाव जेम्स. दुसरे कवी हेमिश हेंडरसन, जन्म १९१९, त्यांच्याही नावात आधी जेम्स आहे. हे टेपरेकॉर्डर घेऊन रानात तंबू ठोकून राहणाऱ्या भटक्या लोकांत बसायचे आणि त्यांची गाणी उतरवून घ्यायचे. आई, तुझ्या जात्यावरच्या ओव्या अशा कुणी उतरवल्या असत्या तर! मे महिन्यात आलो की मी फोनवर सगळ्या रेकॉर्ड करणार आहे. नाही म्हणू नकोस.

आणि बाबा, तुमच्यासाठी एक: कॅलेंडर गावाजवळ किलमाहॉगला एक हेमिश नावाचा हायलँड बैल होता. डोळ्यांवर झिपऱ्या येणारी ती तांबडी केसाळ जात. १९९६ मध्ये इथे गाईगुरांच्या रोगाची साथ होती, तेव्हा तो मारला जाणार होता, लोकांनी पैसे जमवून वाचवला. २०१४ मध्ये म्हातारा होऊन मेला. आपल्या सर्जासारखाच कपाळ खाजवून घ्यायचा म्हणतात.

आता मला हेमिश का म्हणतात ते. खरं कारण सांगतो. मी ज्या म्हाताऱ्या माणसांची देखभाल करतो त्यांत लुईस बेटावरच्या एक आजी आहेत, नव्वदीच्या पुढच्या. शाळेत जाईपर्यंत त्यांना इंग्रजी येत नव्हतं, आणि आता विसरत विसरत पुन्हा फक्त गेलिक उरली आहे. संध्याकाळी अंधार पडला की त्या "अ हेमिश, अ हेमिश" अशी हाक मारत राहतात. एकदा मी जवळ जाऊन हात धरला, तर शांत झाल्या. तेव्हापासून त्या हाकेला मीच जातो. हेमंत आणि हेमिश, अर्धं नाव तर माझंच आहे. बाकीच्यांनी मग गमतीने तेच उचललं. त्यांच्या लेकीने सांगितलं की शेमस हा आजींचा थोरला भाऊ. तो तरुणपणी कॅनडाला गेला. एवढंच तिला ठाऊक आहे.

बाबा, हा वरचा मजकूर आईला वाचून दाखवला नाहीत तरी चालेल.

म्हाताऱ्यांना आंघोळी घालायला शिकला का, असं काका म्हणाले होते ते मला कळलं. काकांना सांगा, होय, तेही काम आहे आणि मी ते मनापासून करतो. आपल्या आजोबांचं शेवटचं करायला मी नव्हतो. त्याबद्दल आत्ता लिहीत नाही.

पण एक गोष्ट सुचली ती लिहितो. आजोबांचं नाव नामदेव, आणि सातबारावर 'नामा'. कुणी तलाठी बांधावर उभा असेल, कुणीतरी "अरे नामाऽ" म्हणून हाक मारली असेल आणि त्याने तेच टिपून घेतलं असेल. हुबेहूब हेमिशसारखं. आता मृत्यूच्या दाखल्यावर नामदेव आणि उताऱ्यावर नामा म्हणून वारसनोंद अडली आहे, तुम्ही किती खेटे घालताय ते छोटीने सांगितलं. नामा आणि नामदेव ही एकच व्यक्ती, असं प्रतिज्ञापत्र करावं लागेल असं म्हणाली. वकिलाची फी मी देतो. तुम्ही उन्हातान्हात एसटीने जाऊ नका, गाडी करून जा.

पैशांचं: चार महिन्यांचे साठवून दोन लाख तुमच्या खात्यात भरले आहेत. त्यातले सव्वा लाख छोटीच्या लग्नाच्या कार्यालयाला आणि आचाऱ्याला, उरलेले सोसायटीच्या हप्त्याला. पाइपलाइनचं पुढच्या हंगामात बघू, विहिरीवरची मोटर तेवढी बदलून घ्या. एजंटचं सगळं देणं फिटलं, हे तुम्हाला सांगायचं राहिलं होतं. मुलाकडच्यांनी मे महिन्याची तारीख काढली ते बरं झालं. मला बारा दिवस रजा मिळाली आहे. हळदीच्या आदल्या रात्री पोचेन, देवक बसवायला असेन. बारा दिवस कमी आहेत हे मला कळतं. छोटीला तुम्हीच समजवा, मी सांगितलं तर ती रडते.

आत्याने कराडचं स्थळ आणलं आहे, त्यांना आत्ता हो म्हणू नका. मुलगी चांगली असेल, माझं तिच्याबद्दल काही म्हणणं नाही. कारण वेगळं आहे, ते लिहिताना हात थांबतोय. यंदाच्या दिवाळीनंतर कायमचा परत येईन असं मी म्हणालो होतो. गेल्या महिन्यात मी आणखी दोन वर्षांच्या कागदावर सही केली. तुम्हाला विचारून करायला हवी होती. पगार वाढवून दिला, आणि लग्नाचा खर्च डोळ्यांसमोर होता. दोनच वर्षं, बाबा. मुलगी थांबायला तयार असेल तर बोला, नसेल तर तिला अडकवून ठेवू नका.

आई, रागावू नकोस. मी इथे सुखात आहे. माणसं चांगली आहेत, खोली गरम आहे, रविवारी भाकरी करतो, आता फुगतेसुद्धा.

आणि बाबा, एक मागणं आहे. आजोबा बांधावरून "हेमंताऽ" म्हणून हाक मारायचे, ती ते गेल्यापासून कुणी मारली नाही. तुम्ही हेमंत म्हणता, आई बाळा म्हणते. पुढच्या फोनला आईकडे द्यायच्या आधी एकदा तशी हाक मारा.

थोरांस नमस्कार, लहानांस आशीर्वाद.

तुमचा,
हेमंत

ता. क. म्हैस व्याली का ते कुणीच कळवलं नाही. रेडी असेल तर विकू नका, पैसे मी पाठवतो.