शेरूच्या दोन चिठ्ठ्या

फोंडा, चवथीला पंधरा दिवस

प्रिय शैले,

सहा महिने पत्र नाही, कबूल. कारणं देत नाही, तुला थाप लगेच कळते. माझी कंबर तशीच, आईचं बीपी गोळीवर. झालं.

काल तू तुझ्या कुत्र्याच्या, शेरूच्या, औषधांच्या दोन्ही चिठ्ठ्या पाठवल्यास आणि खाली विचारलंस, "सोबतच देऊ ना?" अगं, नको! खाजेच्या चिठ्ठीवर प्रेडनिसोलोन आहे, म्हणजे स्टेरॉइड. तीन आठवडे चालू. सांध्यांच्या चिठ्ठीवर मेलोक्सिकॅम, म्हणजे दुखण्या-सुजेवरचं औषध. दुसऱ्या डॉक्टरांना पहिली चिठ्ठी दाखवली नाहीस, हे न सांगताच कळतं.

पोटाच्या अस्तराला आम्लापासून सांभाळणारी प्रोस्टाग्लँडिनं असतात. मेलोक्सिकॅम ती बनण्याची एक पायरी अडवतं, स्टेरॉइड तिच्या वरची. दोन्ही अडली की अस्तर उघडं पडतं, व्रण होतो, कधी आतड्याला भोकही. कुत्रा आदल्या दिवसापर्यंत शेपूट हलवत असतो. डांबरासारखी काळी शी, कॉफीच्या चोथ्यासारखी ओकारी, जेवणाकडे पाठ, यांतलं एक जरी दिसलं तरी पुढची गोळी न देता थेट दवाखाना. औषधवाला सोबत पित्ताची गोळी देईल. तिने धोका टळत नाही.

"मग अर्धी-अर्धी देते" असं म्हणशील, ठाऊक आहे. जत्रेच्या नाटकातही तू दोन प्रवेशांचे संवाद एकाच दमात म्हटलेस आणि खापर प्रॉम्प्टरवर फोडलंस. ते मी आजही मान्य करत नाही.

आता प्रेडनिसोलोन एकदम तोडूही नकोस. बाहेरून स्टेरॉइड मिळत राहिलं की शरीर स्वतःचं बनवणं मंद करतं. अचानक थांबवलं तर कुत्रा गळून पडतो. पहिल्या डॉक्टरांकडून उतरता डोस लिहून घे. शेवटच्या गोळीनंतर पाच ते सात दिवस मोकळे जाऊ देत, मगच मेलोक्सिकॅम. लांब टिकणारं स्टेरॉइडचं इंजेक्शन दिलं असेल तर ही वाट आठवड्यांची होते, म्हणून ते नक्की विचार.

पण त्याआधी रक्त. तू लिहिलंयस, आज पुढचा पाय धरतो, उद्या मागचा. अकरा वर्षांच्या कुत्र्याचं हे म्हातारपण असेलही, पण गोव्याच्या पावसात आणि तुझ्या काजूच्या बागेत मला आधी गोचीडतापाचा संशय येतो. त्यात सांधे सुजतात आणि प्लेटलेट घसरतात. अशा रक्तावर मेलोक्सिकॅम म्हणजे रक्तस्रावाला आमंत्रण. प्लेटलेट, क्रिएटिनिन (मूत्रपिंडांसाठी), एएलटी (यकृतासाठी) आणि गोचीडतापाची तपासणी करून घे. निघालाच तर डॉक्सिसायक्लिन, साधारण २८ दिवस, जेवणानंतर आणि मागाहून पाणी पाजून. कोरडी गोळी अन्ननलिकेत अडकली तर तिथे भाजते.

रक्त ठीक आलं तर २८ किलोच्या शेरूला मेलोक्सिकॅम पहिल्या दिवशी ५.६ मिलिग्रॅम, मग रोज २.८. एका मिलीत दीड मिलिग्रॅम असलेल्या सिरपचे ते सुमारे १.९ मिली होतात. सिरिंजने मोज, चमच्याने नाही. नेहमी जेवणानंतर. उलटी झाली किंवा उपाशी असला, त्या दिवशी बंद, कारण पाणी कमी पडलं की मूत्रपिंडांवर येतं. आणि तुझ्या गुडघ्याची दुखण्याची गोळी, डायक्लोफेनॅक, त्याला दाखवूसुद्धा नकोस. ती दिलेली जनावरं मेल्यावर खाऊन गिधाडं मरत, म्हणून जनावरांसाठी तिच्यावर २००६ मध्ये बंदी आली, आणि गिधाडांना सोसलं ते हेच मेलोक्सिकॅम!

खाजेसाठी स्टेरॉइडच्या जागी ओक्लासिटिनिब विचार. १६ मिलिग्रॅमची एक गोळी, १४ दिवस दोनदा, मग एकदा. मेलोक्सिकॅमसोबत सहसा चालते; मात्र गंभीर संसर्ग किंवा कर्करोग असेल तर नाही. किंवा खाजेवरचंच लोकिवेटमॅबचं महिन्याचं इंजेक्शन. महाग, पण पोटाशी त्याचं भांडण नाही. दोन्ही डॉक्टरांना एकच कागद दाखव, त्यावर मासळीच्या तेलापासून सगळं लिहून.

नारळ उतरवायला पाडेली मिळाला का? मयूराचं पुण्याचं ठरलं म्हणे, छान. साडी मी घेणार, वाद नको.

चवथीला शेरूला नेवरी देऊ नकोस. आत मनुका असतात, त्याने कुत्र्याची मूत्रपिंडं जातात, आणि लाड करताना तू गोळ्या मोजत नाहीस तशी नेवऱ्याही मोजत नाहीस. स्टेरॉइडचं इंजेक्शन दिलं असेल तर त्याची तारीख मात्र आज रात्रीच कळव.

तुझी,
निमा