लढाया छापल्या, रेशन विसरलात

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या रविवार पुरवणीतला अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धावरचा लेख वाचला, रात्रभर डोक्यात तेच, म्हणून सकाळी उठल्या उठल्या हे टाइप करतोय. लेखकाने मेहनत घेतलीय ते नाकारत नाही. सेनापती आहेत, तारखा आहेत, इंग्रज फौजा जिथे शरण आल्या ते साराटोगा आहे, यॉर्कटाऊन आहे. पण अख्खं पान वाचलं तरी त्या इंग्रज शिपायांनी सहा वर्षं खाल्लं काय, त्यांच्या घोड्यांना चारा कुठून आला, याची एक ओळ नाही. आणि शेवटी काय, तर इंग्रज म्हणे फाजील आत्मविश्वासामुळे हरले. अहो, उपाशी माणसाला आत्मविश्वास देऊन बारा मैल चालवून बघा!

मी फौजेत बावीस वर्षं सप्लायमध्ये काढली, सुभेदार म्हणून रिटायर झालो. इतिहासाचा प्रोफेसर नाही, पण हे युद्ध गेली दहा-बारा वर्षं वाचतोय आणि दोन वर्षांपूर्वी नॉर्थ कॅरोलिनात मुलीकडे गेलो होतो तेव्हा ग्रीन्सबरोचं रणांगण पायी फिरून आलोय, गिल्फर्ड कोर्टहाऊसची लढाई तिथलीच. त्यामुळे तुमच्या त्या 'इंग्रजांचे विजय' चौकटीत 'गिल्फर्ड कोर्टहाऊस, १५ मार्च १७८१, कॉर्नवॉलिस विजयी' एवढंच वाचलं आणि माझं डोकं फिरलं.

विजयी म्हणजे काय ते सांगतो. जानेवारीत काउपेन्सच्या लढाईत इंग्रज अधिकारी टार्लटनची तुकडी साफ झाली, तेव्हा दक्षिणेतला इंग्रज सेनापती कॉर्नवॉलिस याने ठरवलं की आता अमेरिकन सेनापती ग्रीनला गाठायचंच, आणि वेगाने जाता यावं म्हणून रामसूर्स मिलला स्वतःच्याच गाड्या जाळल्या. तंबू गेले, सामान गेलं, रमची पिंपं फोडली. दारूगोळा, मीठ, औषधं आणि आजाऱ्यांपुरत्या काही गाड्या तेवढ्या ठेवल्या. ऐन हिवाळा, पाऊस, चिखल, आणि ही माणसं उघड्यावर. बरेच जण तिथूनच पळाले. आणि समोर कोण, तर नॅथॅनिएल ग्रीन. तुमच्या लेखात तो फक्त 'अनुभवी सेनापती' आहे. ग्रीन कशात अनुभवी होता ते लिहा ना! १७७८ पासून १७८० पर्यंत तो वॉशिंग्टनच्या फौजेचा क्वार्टरमास्टर जनरल होता, म्हणजे गाड्या, घोडे, चारा, तंबू, रस्ते हे सगळं बघणारा माणूस. दक्षिणेत आल्याबरोबर त्याने आधी नद्या तपासायला लावल्या, उतार कुठे, होड्या किती, आणि माघार घेताना डॅन नदीवर होड्या गोळा करून ठेवल्या. १४ फेब्रुवारीला त्याची फौज पलीकडे गेली आणि मागून धापा टाकत आलेल्या कॉर्नवॉलिसला होडीच नाही. हे वाचलं की माझ्या अंगावर आजही काटा येतो, कारण एका सप्लायवाल्याने मोठी लढाई न करता अख्खी फौज वाचवली आणि पुस्तकांत त्याला दोन ओळी.

मग गिल्फर्ड. इंग्रज पहाटे न्याहारीशिवाय निघाले, बारा मैल चालले आणि दुपारी लढायला उभे राहिले, एकोणीसशेच्या आसपास माणसं, समोर दुप्पट. मैदान मारलं हे खरं. पण पाचशेच्या वर मेलेले आणि जखमी, म्हणजे चारातला एक माणूस. रात्री धो धो पाऊस, तंबू तर आधीच जाळलेले, खायला काही नाही, जखमी तसेच ओरडत पडलेले, त्यातले बरेच सकाळपर्यंत गेले. ज्यांना हलवता येईना त्यांना क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या प्रार्थनाघरात सोडून कॉर्नवॉलिस दोनशे मैलांवर विल्मिंग्टनला समुद्राकडे गेला, कारण पीठ आणि बूट तिथेच मिळणार होते. ब्रिटिश पार्लमेंटमध्ये विरोधी पक्षाचा फॉक्स म्हणाला की असा अजून एक विजय झाला तर आपली फौज बुडेल. ते लंडनमध्ये तेव्हाच कळलं होतं, आणि तुमच्या चौकटीत अजून विजयच आहे.

हे इतकं का लागलं तेही सांगून टाकतो. राजस्थानात आमची एक मोठी एक्सरसाइज होती, कुठली आणि कुणाची ते लिहीत नाही. मी आधीच सांगितलं होतं की रेशनच्या गाड्या वाळूत रुतताहेत, एक रात्र थांबू. वरून हुकूम आला, गाड्या मागून येतील, तुम्ही पुढे चला. गाड्या दोन दिवसांनी आल्या. दोन दिवस पोरांनी शक्करपारे आणि मोजून दिलेल्या पाण्यावर काढले, आमच्याच तालुक्यातलं एक एकोणीस वर्षांचं पोरगं उन्हानं चक्कर येऊन पडलं, त्याला ट्रकच्या सावलीत झोपवून मी माझ्या बाटलीतलं पाणी त्याच्या डोक्यावर ओतत बसलो होतो. पोरगं वाचलं. आणि रिपोर्टात काय, तर टास्क वेळेत पूर्ण. गाड्या उशिरा आल्या म्हणून जबाब मात्र माझा घेतला. ग्रीन्सबरोच्या त्या झाडीत उभा राहिलो तेव्हा मला ते पोरगंच आठवलं, आणि मुलगी विचारायला लागली की बाबा रडताय का. म्हणून त्या चौकटीतला 'विजयी' हा शब्द मला सहन होत नाही.

बाकीच्या मोहिमांतही तेच. इंग्रज सेनापती बर्गॉइन १७७७ मध्ये कॅनडातून खाली उतरला त्याचं तुम्ही साराटोगा छापलंत, पण ऑगस्टमधली बेनिंग्टनची लढाई गाळलीत. तिथे त्याने जर्मन शिपाई पाठवले होते ते घोडे आणि धान्य गोळा करायला, आणि आठ-नऊशे माणसं गमावून बसला. साराटोगाची शरणागती ऑक्टोबरात झाली पण फौज बेनिंग्टनलाच खचली होती. दुसरा इंग्रज सेनापती हाऊ त्याच वर्षी न्यूयॉर्कहून फिलाडेल्फियाकडे समुद्रातून गेला, उन्हाळ्यात महिनाभर घोडे जहाजांत कोंडलेले, किती मेले, उतरले ते उभे राहीनात. यॉर्कटाऊनला वेढा पडल्यावर चाऱ्याअभावी कॉर्नवॉलिसने स्वतःचे शेकडो घोडे मारून नदीत टाकले. अमेरिकनांच्या बाजूने आलेल्या फ्रेंच आरमाराने ५ सप्टेंबर १७८१ ला समुद्राचा रस्ता अडवला, ते लेखात आहे, पण आरमार अडवतं म्हणजे पीठ अडवतं, हे सांगायला नको का?

आणि शेवटचं वाक्य तर चूकच आहे. 'यॉर्कटाऊननंतर कॉर्नवॉलिसची कारकीर्द संपली.' अहो, तो १७८६ मध्ये गव्हर्नर जनरल होऊन कलकत्त्याला आला! मराठी पेपरात हे सुटावं याचं वाईट वाटतं. कारण पुढचं आपल्याशीच जोडलेलं आहे. मे १७९१ मध्ये तो टिपूवर श्रीरंगपट्टणपर्यंत गेला, लढाई जिंकला, आणि बैल मेले, धान्य संपलं म्हणून वेढ्याच्या जड तोफा स्वतःच फोडून माघारी फिरला. दहा वर्षांपूर्वी गाड्या जाळणारा तोच माणूस. तेव्हा त्याला वाटेत मेलुकोटेजवळ कोण भेटलं, तर टिपूविरुद्ध तेव्हा इंग्रजांच्या बाजूने असलेले मराठे सरदार हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन, आणि मराठ्यांच्या छावणीतल्या बाजारात त्या उपाशी इंग्रजांना धान्य मिळालं, महाग मिळालं पण मिळालं. त्यानंतर त्याने लमाणांचे बैलांचे तांडे धान्यासाठी लावले आणि पुढच्या वर्षी पुरवठा नीट करूनच परत आला, फेब्रुवारी १७९२ मध्ये, आणि टिपूला तह करावा लागला. अमेरिकेत जे कळलं नाही ते त्याला इथे लमाणांच्या बैलांनी शिकवलं असं माझं मत आहे, आणि यावर तुमच्या लेखकाशी समोरासमोर बसून बोलायला मी कधीही तयार आहे.

आणखी एक. लेखासोबतच्या नकाशात नुसते लाल बाण आहेत, नदी एकही नाही. डॅन नाही, कटाबा नाही, हडसनसुद्धा नाही. नाव वाचायला भिंग घ्यावं लागलं आणि खालचं अर्धं पान फ्लॅटच्या जाहिरातीला दिलेलं. पुढच्या रविवारी नकाशा परत छापा, नद्यांसकट, आणि कॉर्नवॉलिसबद्दलची दुरुस्तीही त्याच पानावर द्या, आतल्या कोपऱ्यात नको. आमच्या गावातली भरतीची तयारी करणारी पोरं वाचनालयात तुमचीच पुरवणी वाचतात.

आपला,
एक निवृत्त सुभेदार, जि. सातारा