अस्थायी कर्मचाऱ्यांच्या न्यायालयीन लढ्यासाठी मदतीचे आवाहन

सप्रेम नमस्कार,

जिल्ह्यातील शासकीय कार्यालये, दवाखाने आणि तंत्रनिकेतनांत वर्षानुवर्षे अस्थायी म्हणून राबणाऱ्या सहकाऱ्यांसाठी हे आवाहन आहे. अकरा महिन्यांचा आदेश, मध्ये तांत्रिक खंड (सेवा तुटल्याचे कागदोपत्री दाखवणे), पुन्हा नवा आदेश, यातच अनेकांची उमेदीची वर्षे गेली. आता काहींच्या हाती सेवासमाप्तीचे आदेश पडले आहेत आणि त्याच जागांवर पुन्हा कंत्राटी माणसे घेण्याची तयारी सुरू आहे. एका तात्पुरत्याला काढून दुसरा तात्पुरता आणू नये, त्या जागी रीतसर निवड झालेलाच उमेदवार यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने 1992 मध्येच पियारा सिंग प्रकरणात सांगितले होते.

न्यायालयात गेले की शासनाच्या उत्तरात सर्वोच्च न्यायालयाचा उमादेवी निकाल येतोच. 10 एप्रिल 2006 च्या या निकालाने मागच्या दाराने झालेल्या नेमणुका कायम करायला मनाई केली, आणि ते योग्यच आहे. स्पर्धा परीक्षेसाठी झटणाऱ्या मुलामुलींच्या जागा हिरावून घ्याव्यात असे आम्हाला वाटत नाही. पण त्याच निकालाने बेकायदा (नियम डावलून केलेल्या) आणि अनियमित (प्रक्रियेत त्रुटी राहिलेल्या) नेमणुकीत फरक केला आणि मंजूर पदावर, न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय 10 वर्षे काम केलेल्या पात्र माणसांचा एकदा विचार करा, असेही शासनांना सांगितले. हा भाग सोयीस्करपणे वगळला जातो. 20 डिसेंबर 2024 च्या जग्गो निकालात सर्वोच्च न्यायालयाने नेमके यावर बोट ठेवले आणि केंद्रीय जल आयोगात सफाईचे व बागेचे काम करणाऱ्यांना नियमित करण्याचा आदेश दिला.

म्हणजे वाट आहे. पण आपली माणसे बहुतेक वेळा कागदाअभावी हरतात. पद मंजूर होते का, जाहिरात निघाली होती का, निवड समिती बसली होती का, हे सिद्ध करावे लागते, आणि ते कागद असतात कार्यालयाच्या कपाटात. म्हणून पैशांच्याही आधी आम्ही कागद मागतो आहोत. नियुक्तीचे सगळे आदेश, जाहिरातीचे कात्रण, हजेरीपटाची प्रत, पगार जमा झालेले पासबुक, जे असेल ते काढून ठेवा. मंजूर आकृतिबंध (कार्यालयातील मंजूर पदांचा तक्ता) आणि निवड समितीचे इतिवृत्त माहिती अधिकारात 10 रुपयांच्या अर्जावर मागता येते. अर्ज लिहून द्यायला आमचे कार्यकर्ते बसतील. सेवानिवृत्त लिपिक किंवा अधीक्षक या कामात आले तर फार मोठी मदत होईल, कारण कोणती नस्ती कुठे सापडते हे त्यांच्याइतके कोणालाच ठाऊक नसते.

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांनी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, आदेशापासून साधारणपणे 1 वर्षाच्या आत अर्ज करायचा असतो. निवेदने देत बसण्यात ही मुदत निघून जाते. जिल्हा परिषदेच्या सहकाऱ्यांना मॅटचा दरवाजा नाही, त्यांना उच्च न्यायालयात जावे लागते. दोन्हीकडे वकिलांची फी, टंकलेखन, झेरॉक्स आणि तारखांचा प्रवास असा खर्च आहे. नोकरी गेलेल्या एकट्या माणसाला तो पेलत नाही. ज्याला जे जमेल ते द्या. कायम सेवेत असलेल्यांनी थोडा जास्त भार उचलावा, अशी विनंती आहे. तुमच्या शेजारच्या टेबलावर तेच काम निम्म्या पगारात कोणी केले, हे तुम्ही रोज पाहिले आहे. समान कामाला समान वेतनाचे तत्त्व तात्पुरत्यांनाही लागू आहे, हे 2016 मध्ये जगजित सिंग प्रकरणात ठरलेले आहे.

प्रत्येक रकमेची पावती मिळेल आणि जमाखर्च सभेत वाचून दाखवला जाईल. वर्गणी दिली नाही म्हणून कोणाचे नाव याचिकेतून वगळणार नाही. निकालाची हमी आम्ही देत नाही. ‘इतके भरा, कायम करून देतो’ असे सांगणारे दलाल सध्या फिरत आहेत, त्यांना एक रुपयाही देऊ नका.

सेवासमाप्तीचा आदेश आलेल्यांनी याच आठवड्यात संघटनेच्या कार्यालयात यावे. मूळ कागद स्वतःजवळच ठेवा, आम्हाला फक्त झेरॉक्स द्या, आणि कोऱ्या वकीलपत्रावर कोणाच्याही सांगण्यावरून सही करू नका.

आपले,
संघटनेचे पदाधिकारी व सभासद